तुकाराम फोरमनची शब्दांची वही

नाही नाही, बसा हो सत्यजितसाहेब, चहा येतोय — आज शुक्रवार, तुमची ती सेफ्टी कुठे पळून चाललीय? फक्त हे भाषण नजरेखालून घाला. उद्या सकाळी ग्लेनसाहेबाचा निरोप समारंभ — अकरा वर्षं आमचा सुपरवायझर, ऑस्ट्रेलियन माणूस — आणि बोलणार कोण, तर हा तुकाराम वेल्डर, आता फोरमन, गाव गुहागर, मुक्काम सौदीत, हुफूफच्या ह्या कॅम्पात. तुम्ही पर्थला शिकलात म्हणून तुम्हालाच धरलं. कारण इंग्रजी साधंसुधं नाही हां, त्याच्या गावचं! ही वही बघा, एकेक शब्द त्यालाच विचारून लिहिलेला. 'आर्व्हो' म्हणजे दुपार. 'स्मोको' म्हणजे चहाची सुट्टी. 'डनी' म्हणजे — चहा येतोय, संडासाचे शब्द नंतर. 'चक अ सिकी' म्हणजे धडधाकट असताना आजारी पडणं, हा शब्द आमच्या चंदनने एका दिवसात आत्मसात केला. 'नॅकर्ड' म्हणजे पार गळून गेलेला, हा इंग्लंडचा. बरोबर ना सगळं? मग! अख्खा कॅम्प मला विचारायला येतो. साहेबाला 'म्हणजे काय' असं कोण विचारणार? आपली माणसं — कळलं नाही की मान डोलावून 'येस सर' म्हणतात आणि मग माझ्याकडे धावतात. एकदा त्या 'येस सर'पायी अख्खा पाइप उलट्या बाजूने जोडला होता — जाऊ द्या, तुम्ही सेफ्टीवाले.

आता भाषण. वाचतो. "ग्लेन, यू आर अ ट्रू गमडिंगल" — का हसलात? गमडिंगल हो! ज्याच्या कामात खोट काढता येत नाही असा माणूस. "टुडे वुई आर ऑल स्नोर्बल्ड" — म्हणजे रडू येतंय, पण डोळ्यात धूळ गेली असं सांगायचं. हाही नाही ऐकलात? पर्थ मोठं गाव, तुमच्या गल्लीत बोलत नसतील. नाही म्हणता? मग इंग्लंडातला असेल — तिथेही दोन वर्षं होतात? सगळीकडेच राहून आलायत की हो! बरं, हा? आणि हा? फोनमध्ये तरी बघा. नाही? पहिली चार पानं खरी आणि पुढचे तीस शब्द — एकही नाही?

अरे चोरा! चेहऱ्यावरची रेष न हलवता सांगायचा, मी लिहून घ्यायचो, स्पेलिंग विचारायचो, तर तेही द्यायचा! आणि मी इथे समजतोय की मीच त्याला — काही नाही. काही नाही म्हटलं ना. असं काय बघता? बरं, ऐका. त्याला मराठी शिकायची होती. मी म्हटलं, आमच्यात मानाच्या माणसाला बोलण्याच्या शेवटी 'रताळ्या' म्हणतात. झालं! तेव्हापासून 'गुड मॉर्निंग रताळ्या', 'थँक्यू रताळ्या'. साठ माणसं, पण एक जण हसला नाही — शपथच घातली होती मी. खरं सांगायचं राहूनच गेलं, आणि उद्या हा पठ्ठ्या मराठीत बोलणार! दमामहून जनरल मॅनेजर अण्णासाहेब येतायत, कोल्हापूरचे, तापट माणूस. 'आदरणीय अण्णासाहेब रताळ्या' — परवा पाठ म्हणून दाखवलं मला. मी म्हटलं, छान झालंय. काय म्हणणार? माझ्या काँट्रॅक्टवर सही अण्णासाहेबांचीच. आणि त्यात तुम्ही हे नवीन काढलंत.

थांबा, हा शेवटचा बघा. 'वॉलाबिन'. हा तरी खरा असणार. अमिताच्या लग्नातला आहे — मुलगी हो माझी. मला सुट्टी मिळाली नाही. ह्याच बाकावर बसून फोनवर लग्न पाहिलं, अक्षता म्हणून बासमतीचे दाणे टाकले मोबाइलवर. ग्लेन येऊन शेजारी बसला. एक अक्षर कळत नव्हतं त्याला, पण मंगलाष्टकं संपेस्तोवर हलला नाही. मग म्हणाला, माणूस लांब बसलेला असतो आणि तरी तिथेच असतो, त्याला आमच्याकडे 'वॉलाबिन' म्हणतात. फार बरं वाटलं होतं मला, साहेब. शब्द आहे म्हणजे आपल्याआधीही कुणावर तरी ही वेळ आलेली आहे.

नाही?

म्हणजे त्याने तो तिथल्या तिथे बनवला. माझ्यासाठी.

नको, ते लाल पेन खिशात ठेवा. एक शब्द बदलायचा नाही. कुणाला कळणार नाही म्हणता? ज्याला कळायचं त्याला कळेल. आणि रताळ्याचंही त्याला सांगू नका, अकरा वर्षं मनापासून म्हणत आलाय तो. अण्णासाहेबांचं काय व्हायचं ते होऊ दे, मी पाय धरीन त्यांचे.

तो बघा, इकडेच येतोय. प्या चहा आणि निघा. मी? छे हो, रडतोय कुठे — धूळ गेलीय डोळ्यात. यल्ला, उठा म्हणतो ना!