हिरोच्या तोंडावरचा उजेड

मामा : अजून काळा कर.

भाची : मामा, आता नुसता कान दिसतोय.

मामा : कान बरा आहे त्याचा. तेवढा राहू दे.

भाची : जुना सिनेमा पुन्हा थिएटरात लागणार, म्हणून रंग नीट करायला बसवलंय आपल्याला. हिरो पुसायला नाही.

मामा : पुसतोय कुठे? झाकतोय. या सिनेमाचा कॅमेरामन मी. बापाला पोर गेल्याची बातमी कळते. असा बाप खिडकीकडे पाठ करून अंधारात बसेल, म्हणून मी तसं लायटिंग लावलं. तर हा म्हणाला, 'लोक पैसे माझ्या तोंडाचे देतात.' समोर दोन मोठे दिवे लावून घेतले. बातमी मरणाची आणि तोंडावर उजेड साबणाच्या जाहिरातीचा!

भाची : आणि तू भांडलास.

मामा : दुसऱ्या दिवशी माझ्या स्टुलावर त्याचा मेव्हणा. कॅमेऱ्याचं पुढचं तोंड कुठलं, इथून सुरुवात. शिवाय या गृहस्थाने गावभर केलं, की मला मोतीबिंदू झालाय. ऐन पस्तिशीत! मग काय, लोकांच्या लग्नात जेवणाऱ्यांची तोंडं टिपत बसलो.

भाची : त्याचा सिनेमा लागला की आई अजून टीव्ही बंद करते.

मामा : ताई माझी गुणाची. उद्या येतोय ना तो बघायला? चार पाहुण्यांत बसून शोधू दे स्वतःला. चालव.

(दोघे तो प्रसंग पहिल्यापासून पाहतात.)

भाची : मामा, अंगावर काटा आला रे.

मामा : एसी कमी कर.

भाची : चेष्टा नको. तोंड दिसत नाही, तर खांद्याकडे लक्ष जातं. खांदा बघ कसा पडलाय. उजेडात नुसत्या भुवया उडवत होता. आता बाप वाटतोय.

मामा : बापजन्मात खांद्याने काम केलं नाही त्याने. पाठ अवघडली असेल.

भाची : असेल. पण लोक म्हणतील, काय नट होता, आपणच ओळखला नाही!

मामा : परत दाखव.

भाची : बघ.

मामा : पडलाय खरा मेल्याचा.

भाची : तुझ्या हातून याहून चांगलं काही झालेलं नाही, मामा.

मामा : होऊ दिलं कोणी?

भाची : तेच म्हणते. आता झालंय. लोक तुझंही नाव घेतील.

मामा : आधी कोणाचं घेतील?

भाची : त्याचं.

मामा : मग लख्ख कर. मागितला होता तेवढा सगळा उजेड दे त्याला.

भाची : अरे, तुझं हे लायटिंगही वाया जाईल त्यात! इतकी वर्षं डोळे मिटून हेच बघत होतास ना?

मामा : हेच.

भाची : मग? करू खरंच?

मामा : थांब. अजून एकदा बघू दे. मग कर.