गोषवाऱ्यातलं मीठ

...आणि वर मलाच विचारतात, "चार चमचे मीठ? अहो, चार?" हो, चार! कागदावर चार होते म्हणून चार. कागदावर सहा असते तर सहा घातले असते. चौतीस वर्षं कारकुनी केलेला माणूस आहे मी, स्वतःच्या मनानं चिमूटभरसुद्धा काही घालत नाही. मी कागदावर होतं तेवढंच केलं!

नाही, तुम्हाला सांगतो, आधी परिस्थिती समजून घ्या. आमच्या हिचा उजवा हात प्लास्टरमध्ये. न्हाणीघरात पाय घसरला आणि मनगट मोडलं. मोडलं हिचं मनगट, आणि हादरली आमची लेक. दुसऱ्या दिवशी दारात हजर, आल्या आल्या फर्मान: "आई-बाबा, आता बास झालं. सामान भरा आणि आमच्याकडे चला. कायमचे." मी म्हटलं, अगं, हात मोडलाय, घर नाही मोडलं. तर म्हणते, "बाबा, तुम्हाला स्वयंपाकघरातलं काय येतं? साधं अंडं उकडायला ठेवलं होतंत, पाणीच नव्हतं घातलं!" ...आता ही एकवीस वर्षांपूर्वीची गोष्ट! पण लेकीची स्मरणशक्ती म्हणजे आमच्या हापिसातली रेकॉर्ड रूम. हवा तो कागद कधी सापडायचा नाही, पण नको तो पहिल्याच फडताळात वर.

आणि लेकीचं घर काही वाईट नाही हो. चांगलं आहे. मागची खोली आम्हाला काढून दिली होती तिनं, खिडकीतून गाड्या उभ्या करायची जागा दिसते. चौदा गाड्या. मी एकदा मोजल्यात. पण ही रात्री जेवताना एवढंच म्हणाली, "तिच्याकडे मला प्यायचा पेलासुद्धा विचारून घ्यावा लागेल हो." बास. एवढंच. रडली नाही, काही नाही. डाव्या हातानं सूप पीत होती, निम्मं बाहीवर. मी दुसऱ्या दिवशी सकाळी लेकीला फोन केला. म्हटलं, परीक्षा घे. रविवारी दुपारी तू आणि जावई जेवायला या. मी एकट्यानं रांधतो. जमलं तर आम्ही इथंच. नाही जमलं तर सामान भरतो, दोरीसुद्धा मीच बांधतो.

लेक म्हणाली, "एकट्यानं म्हणजे एकट्यानं. आईनं स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं नाही."

मान्य!

आता करायचं काय? त्यावर फार विचार करावा लागला नाही, कारण घरात एकच भाजी होती. शेजारी एक निवृत्त पोस्टमन राहतात. मागच्या अंगणात त्यांनी पिवळी झुकिनी लावलीय. झुकिनी म्हणजे, दिसायला काकडी आणि जातीनं भोपळा. एका वेलाला किती याव्यात? त्याला काही धरबंद? उन्हाळाभर रोज पहाटे दाराशी एक पिशवी. पूर्वी सबंध गल्ली त्यांची वाट बघायची, आता ते दिसले की लोक खिडक्या लावून घेतात. पण पोस्टमनच तो! दार लावलं म्हणून काय झालं, पोचवल्याशिवाय जायचा नाही. तर आमच्याकडे अकरा झुकिन्या. ही म्हणाली, "चकत्या करायच्या, वर अंडं, दूध, चीज, पावाचा चुरा, आणि ओव्हनमध्ये भाजायचं. शेंबडं पोरही करील." म्हटलं, सांग. लिहून घेतो.

शनिवारी संध्याकाळी ती खुर्चीत, मी समोर पॅड घेऊन. आता हिचं सांगणं कसं, ऐका. "झुकिनीच्या चकत्या करा, त्यांना दोन चमचे मीठ चोळा आणि अर्धा तास चाळणीत ठेवा, पाणी सुटतं बरं का तिला, फार सुटतं, माझ्या मावशीच्या झुकिनीला तर... असो, मग धुवा आणि दाबून पिळून काढा. मग कांदा परता, त्यात एक चमचा मीठ... ओव्हन आधी तापत ठेवा, हे विसरले बघा... अंडी फेटा, त्यात अर्धा चमचा, आणि वरच्या चुऱ्यात अर्धा." हा काय मसुदा झाला? क्रम नाही, परिच्छेद नाही, मधे मावशी! मी ती झोपल्यावर टेबलाशी बसलो आणि स्वच्छ प्रत काढली. अनुक्रमांक टाकले. आणि वरती, डाव्या कोपऱ्यात, गोषवारा.

गोषवारा म्हणजे माझा हातखंडा! आमचे साहेब चष्मा कपाळावर सरकवून म्हणायचे, "वा! साठ पानांचं अर्ध्या पानात आणावं तर तुम्हीच." तर मीठ चार ठिकाणी आलं होतं. एकच बाब चार ठिकाणी ठेवायची हे कुठल्या कामकाजात बसतं? मी ते चार ठिकाणाहून खोडलं आणि गोषवाऱ्यात एकत्र घेतलं. मीठ, एकूण, चमचे चार. खाली तांबडी रेघ. काय चुकलं? सांगा ना, बेरीज चुकली का?

रविवार उजाडला. ही बाहेरच्या खोलीत, पट्टीत हात अडकवून. मी आत, कागद भिंतीवर चिकटवलेला.

अनुक्रमांक एक: ओव्हन तापत ठेवावा. ठेवला. दहा मिनिटांनी बाहेरून आवाज: "अहो, कसला वास येतोय? आतली झाकणं काढलीत का?"

आता आमच्या ओव्हनमध्ये आम्ही गेली आठ वर्षं पातेल्यांची झाकणं ठेवतो हे मला काय माहीत? म्हणजे माहीत होतं, पण कागदावर होतं का? झाकणांच्या प्लास्टिकच्या मुठी लोंबायला लागल्या होत्या. एक तर चांगली विटेएवढी लांब झाली होती. मी चिमट्यानं एकेक काढून खिडकीत ठेवलं. मी कागदावर होतं तेवढंच केलं!

अनुक्रमांक दोन: चकत्या. सहा झुकिन्या, चकत्या पाव बोट जाड, मी फूटपट्टी लावून केल्या. अनुक्रमांक तीन: अर्धा तास चाळणीत ठेवाव्यात. ठेवल्या. तीन अ: सुटलेलं पाणी दाबून काढावं. दाबलं. पाणी? पाण्याचा थेंब नाही! खाली ताटली कोरडी ठाक. मीठच चोळलेलं नाही तर सुटणार कुठून, हे आता सगळेच शहाणे सांगतात. मला त्या वेळी वाटलं, पोस्टमनच्या झुकिन्यांची तब्येत मावशीच्या झुकिन्यांपेक्षा बरी असेल. मी कागदावर समासात शेरासुद्धा मारला: "पाणी निरंक."

मग कांदा. मग अंडी, दूध, किसलेलं चीज. आणि गोषवाऱ्यातलं मीठ. चार चमचे, सपाट, वरचं सुरीनं काढून. कमी नको, जास्त नको. सगळं काचेच्या भांड्यात ओतलं, वर पावाचा चुरा आणि लोणी, भांडं ओव्हनमध्ये. घड्याळ बघितलं. अकरा वाजून पाच. लेक साडेबाराला येणार. मी बाहेर येऊन हिला म्हटलं, "झालं. यात एवढं अवघड काय आहे, मला कळलं नाही." ...हे वाक्य मी उच्चारायला नको होतं. ही नुसती माझ्याकडे बघत राहिली.

पंचवीस मिनिटांनी दार उघडून बघतो तर, तुम्हाला सांगतो, तळं! वरच्या चुऱ्याची बेटं झालेली, मधून चकत्या पोहतायत, कडेनं बुडबुडे. ओव्हनच्या उष्णतेनं आणि त्या चार चमच्यांनी मिळून सहाही झुकिन्यांचं होतं नव्हतं ते पाणी बाहेर आणलेलं. मी चमच्यानं चाखलं. आणि मी सरळ नळाखाली तोंड धरलं.

"काय झालं?" ही विचारते.

"काही नाही."

"अहो, खोकताय का मग?"

आणि ती उठून आलीच. पण कशी? उंबरठ्याशी येऊन थांबली. पावलं बाहेर, मान आत. "मी आत आलेली नाही," म्हणाली, "चमचा इकडे करा." मी हात लांब केला, तिनं मान लांब केली. चाखलं. डोळे मिटले. बराच वेळ उघडले नाहीत. मग भिंतीवरचा कागद वाचला, तिथूनच, चाळशी न लावता. "मीठ एकूण?" म्हणाली. "एकूण? अहो, त्यातले दोन चमचे धुऊन टाकायचे होते!"

"तसं सांगितलं नव्हतंस."

"धुवा म्हणून सांगितलं होतं!"

होतं. मूळ मसुद्यात होतं. अनुक्रमांक लावताना मला ते अनावश्यक वाटलं. ज्या चकत्यांना काही लावलंच नाही त्या धुवायच्या कशासाठी? तर्क बरोबर आहे की नाही? पण हे मी तेव्हा बोललो नाही. कारण हिच्या तोंडाकडे बघितलं. रागावलेली नव्हती हो. ती खिडकीत ठेवलेल्या त्या वाकड्या झाकणांकडे बघत होती. एकेका झाकणाकडे. म्हणाली, "पावणेबारा झाले."

मग तिनं जे हुकूम सोडले! उंबरठ्यातून! "सगळं चाळणीत ओता. चुरा जाऊ दे. नळाखाली धरा. चीज चिकटलंय ते राहू दे. हलवा. आणखी हलवा. अहो, बाळाला झोपवताय का? हं, पिळा. राहिलेल्या पाच झुकिन्या किसा, किसा, चकत्या नको, पट्टी ठेवा ती! उकळत्या पाण्यातून काढा, पिळा. दुप्पट अंडी. मीठ नाही. मिठाच्या बरणीला हात लावाल तर बघा!" सगळं तोंडी! कागद नाही, क्रमांक नाही, नोंद नाही. मी म्हटलं, अगं, लिहून तरी घेऊ दे. ती म्हणाली, "लिहायला बसलात तर मी सामान भरायला घेते." मग ती सांगेल ते मी करत गेलो. बारा वाजता भांडं पुन्हा आत. साडेबाराला घंटी.

लेक आत आली ती सरळ स्वयंपाकघरात. ओटा बघितला, मोरी बघितली. मग खिडकीतली झाकणं बघितली. मी श्वास धरून उभा. मग मी पानं वाढली. वरून तांबूस, खालून घट्ट, वाफ येतेय. लेकीनं पहिला घास घेतला. चावला. आणखी चावला. तुम्हाला सांगतो, बढतीच्या मुलाखतीत इतका घाम आला नव्हता मला.

"बाबा," ती म्हणाली, "मीठ अगदीच कमी पडलंय."

मी मिठाची बरणी तिच्यापुढे सरकवली. दुसरं काय करणार?

जावयांनी तीनदा घेतलं. ते एरवी बोलत नाहीत, हिशेबी माणूस, पण म्हणाले, "झकास झालंय, सासरेबुवा." लेकीनं आईकडे वळून विचारलं, "खरं सांग, तू आत गेली होतीस?"

"पाऊल टाकलं नाही," ही म्हणाली. शपथेवर सांगावं तसं. आणि खोटं कुठं होतं त्यात?

"मग ठीक आहे," लेक म्हणाली. "राहा इथंच." मग आणखी थोडं वाढून घेऊन म्हणाली, "पण आईचा हात बरा होईपर्यंत स्वयंपाकाला एक बाई बघून देते."

तर ही काय म्हणाली असेल? माझ्याकडे न बघता, पुसलेल्या डाव्या हातानं पदर सारखा करत? "कशाला बाई? ह्यांना येतं की सगळं."

ह्याला सात आठवडे झाले. प्लास्टर निघालं. डॉक्टरांनी बोटं वळवून बघितली, म्हणाले, "हात ठणठणीत." ही रोज सकाळी खिडकीशी खुर्ची घेते, स्वतःच्या पेल्यातून पाणी पिते, माझं वर्तमानपत्र उघडते आणि त्याच ठणठणीत हातानं पानं उलटते. मी आतून विचारतो, "अगं, मीठ किती?" ती म्हणते, "अंदाजानं." घर आमचंच राहिलं, तक्रार नाही... मला त्यातली एकच खोली मिळाली, आणि तिला खिडकी आहे ती ओट्याच्या वर.