तिरका खिसा

(शर्ट शिवण्याचा कारखाना. मास्तर कापड बेततात, चेकरबाई तयार माल तपासतात, कारकून माल घेणाऱ्या परदेशी कंपनीचे मेल वाचतो.)

कारकून : ...तर नऊ चाळीसला मेल आला. तीन हजार शर्ट तिकडं पोचले आणि सगळ्यांचे खिसे तिरके. अकरापर्यंत खुलासा हवाय.

चेकरबाई : सगळ्यांचे? एकही सरळ नाही?

कारकून : एकही नाही.

चेकरबाई : बघा मास्तर, याला म्हणतात एकसारखं काम!

मास्तर : थट्टा पुरे. खुलासा पटला नाही तर पुढची ऑर्डर जाईल शेजारच्या देशात. तिथं मजुरी आपल्याहून कमी.

चेकरबाई : म्हणजे माझ्या लाइनीतल्या चाळीस बायका घरी. पण चूक आपली कशी? त्यांनी पाठवलेल्या नमुन्यातच खिसा कललेला होता. मी तेव्हाच विचारलं, तर तुम्ही म्हणालात, ‘त्यांनी केलंय म्हणजे विचार करूनच केलं असेल.’

मास्तर : म्हणालो खरा. कुठाय तो नमुना?

चेकरबाई : हा धरा.

मास्तर : कॉलर उलटी कर. आत बघ. निळ्या दोऱ्याचे दोन टाके आहेत?

चेकरबाई : आहेत की. अगंबाई, ही तर तुमची खूण!

मास्तर : तीन वर्षांपूर्वी मीच शिवून पाठवलेला हा. मोतीबिंदूच्या ऑपरेशनआधी.

चेकरबाई : म्हणजे तुमचा मोतीबिंदू परदेश फिरून आला! आणि तिकडं इतकी वर्षं कुणाच्याच लक्षात आलं नाही?

मास्तर : येणार कसं? तिकडं आता शिवतंय कोण? ते चित्र काढतात, शिवतो आपण.

चेकरबाई : आणि एक शर्ट विकतात माझ्या आठवड्याच्या पगाराला.

मास्तर : हे खुलाशात नको हं.

कारकून : मग लिहू काय? मोतीबिंदू?

मास्तर : लिही, नमुन्याबरहुकूम शिवलं. यात खोटं एक अक्षर नाही.

चेकरबाई : खरंही अर्धंच आहे.

कारकून : थांबा, दुसरा मेल आला. खुलासा नको म्हणतात.

मास्तर : का? ऑर्डर गेली?

कारकून : नाही. तक्रार करणाऱ्याला पत्ताच नव्हता, माल आधीच दुकानात लागला होता आणि दोन दिवसांत निम्मा खपलाही. तिरक्या खिशात हात सहज जातो म्हणे. ही कल्पना ते आता स्वतःच्या नावावर नोंदवतायत.

चेकरबाई : वा! फसली तोवर आपली, चालली तशी त्यांची!

मास्तर : असू दे गं. पुढं काय लिहिलंय?

कारकून : आणखी वीस हजार शर्ट हवेत.

चेकरबाई : वीस हजार! दोन-तीन महिने एकही मशीन थांबणार नाही. जाते, बायकांना सांगते.

कारकून : बाई, पुरतं ऐका. आपल्यासकट तीन देशांकडून दर मागवलेत. सगळ्यांत कमी ज्याचा, त्याला काम.

मास्तर : निकाल कधी?

कारकून : सोमवारी. त्याआधी खिसा नेमका किती कललाय, ते माप आपण कळवायचं. त्यांना तिकडं काढता येत नाहीये.

मास्तर : त्यात काय अवघड? दे ती पट्टी, आत्ता काढतो.

कारकून : ते माप तिन्ही देशांना जाणार आहे.

चेकरबाई : मास्तर, पट्टी जरा खाली ठेवता का?

मास्तर : ठेवली. पण त्यांना कळवायचं काय?

कारकून : वेळ आहे. आज पाचपर्यंत मागितलंय.