रिफत बे जे ‘तमाम’ म्हणाले त्याबाबत

मी, पुरुषोत्तम त्र्यंबक वाटवे, वय ७४, पूर्वी पोस्टात नोकरी, आता निवृत्त, राहणार हॅरो, लंडन, मुलगा व सून यांच्याजवळ, दुभाषी अर्चनाबाईंमार्फत पोलीस ठाण्यात साहेबांसमक्ष सांगतो की,

समोरच्या फ्लॅटमधले रिफत बे (बे म्हणजे आपल्याकडचे राव) हे तुर्की गृहस्थ माझे मित्र आहेत. दर शुक्रवारी संध्याकाळी मी त्यांच्याकडे तुर्की चॅनलवरची मालिका पाहण्यास जातो. ती एका उस्मानी शहजाद्याची आहे. तो धाकटा, दरबारात त्याला कोणी विचारत नाही, तरी तख्ताकडे निघाला आहे.

साहेबांनी विचारले, तुर्की येत नाही तर गोष्ट कळते कशी? तर शहजादा, तख्त, फर्मान, दुश्मन, खंजीर हे शब्द त्यांच्यात आहेत तसे आमच्यातही आहेत. मला ते चौथीत भेटले. कवितेच्या तासाला गुरुजी टेबलावर ताल धरीत आणि सारा वर्ग पोवाडा म्हणे. खिडकीबाहेर रस्त्यावरची माणसे थांबत. आता घरात हे शब्द कोणी उच्चारत नाही. माझी पत्नी सुप्रभा उच्चारी. भाजी चिरताना म्हणे. हे प्रकरणाशी संबंधित नाही असे साहेबांनी सांगितले, ते बरोबर आहे.

काल शहजादा तंबूत झोपला असता पडद्यामागून खंजीर घेऊन एक माणूस आला. मी उभा राहून मराठीत ओरडलो, “ऊठ रे बाळा, मारतील!” हातातला चहाचा पेला फुटून तळवा कापला. तेवढ्यात मोबाईल वाजला. मी कोणते बटण दाबले ठाऊक नाही, ओरडतच राहिलो. फोन सून आसावरी हिचा होता. रिफत बे यांनी तो माझ्या हातून घेतला व तिला धीर यावा म्हणून म्हणाले, “तमाम, तमाम.”

तुर्कीत तमाम म्हणजे ठीक आहे. आसावरीला वाटले, माझे काम तमाम झाले. तिने पोलीस बोलावले. ते आले तेव्हा माझा सदरा रक्ताने भरला होता आणि टॉवेल रिफत बे यांच्या हातात होता. त्यांना इंग्रजी फारसे येत नाही. घाबरून पोलिसांनाही ते तमाम, तमाम म्हणत राहिले. त्यांना घरातल्या सपातांवरच नेले.

घरी आसावरी म्हणाली, “बाबा, मी काय समजायचं मग?”

“अगं, ठीक आहे म्हणाला तो.”

“मग ओके म्हणायचं ना! अख्ख्या हॅरोला कळतं!”

नंतर ती रडली. म्हणाली, आता तिकडे जायचं नाही.

रिफत बे यांनी मला मारलेले नाही. पट्टी त्यांनीच बांधली. त्यांना सोडावे. तंबूत पुढे काय झाले ते आम्हा दोघांनाही कळलेले नाही. आसावरी आज सकाळपासून बाहेरच्या बाकावर त्यांचे बूट घेऊन बसली आहे.

अर्चनाबाईंनी हे सारे मला मराठीत वाचून दाखवले. मी सांगितले तसेच ते उतरले आहे. सहीच्या वर मी ‘तमाम’ असे लिहिले आहे. त्याचा अर्थ रिफत बे यांच्या भाषेप्रमाणे घ्यावा.