वास्तुशांतीचा व्हिडिओ

सटाण्याच्या एसटीची वाट बघत बाकावर बसलो होतो. शेजारी एक भाऊ-बहीण त्यांच्या वडिलांबद्दल, नानांबद्दल बोलत होते.

“यशश्री, नाना हल्ली टीव्हीच लावत नाहीत. त्यांना सटाण्यात बसून घरचे व्हिडिओ बघता यावेत, म्हणून तर मी इंदिरानगरच्या माझ्या घरी व्हिडिओ साठवायचा सर्व्हर बसवला.”

“दादा, त्या दिवशी जेवताना सगळ्यांसमोर काय बोललास?”

“गंमत केली गं. सर्व्हरवर कोण काय बघतं ते मला फोनवर दिसतं. नाना रोज दुपारी माझ्या घराच्या वास्तुशांतीचाच व्हिडिओ लावायचे. म्हटलं, नाना, सर्व्हर झिजेल! सगळे हसले.”

“नाना हसले?”

“ते हात धुवायला उठले.”

“त्या व्हिडिओत नाना कुठे आहेत?”

“आहेत की. शेवटी माइक घेऊन बोलले होते.”

“आता नाहीत. मी शेवटपर्यंत बघितला.”

“अगं, डिस्क भरली होती. सगळेच व्हिडिओ छोटे केले. लांबलेलं होतं ते कापलं.”

“नानांचं बोलणं लांबलेलं?”

“अहिराणीत बोलत होते. त्याच त्या गोष्टी परत परत. समोर माझ्या ऑफिसची माणसं… मला लाज वाटली होती.”

“मूळ व्हिडिओ आहे ना?”

“नाही. पुसून टाकला.”

“परवा नानांनी मला फोनवर विचारलं, ‘वास्तुशांतीला मी बोललो व्हतो ना गं? का मला नुसतंच वाटतंय?’”

“मग? तू काय सांगितलंस?”

“म्हटलं, दादा येऊन सांगेल. ऊठ, गाडी लागली.”