जास्वंदीला पंचामृत

या, जवळ बसा. कीर्तनाला अवकाश आहे, तोवर सिल्वासात नरोलीच्या बसच्या रांगेत ऐकलेली गंमत सांगते.

“सुनीताताई, सासूबाईंनी जाण्याआधी लावलेली जास्वंद चालली वो माझ्या हातून. कळ्यांवर नुसता पांढरा कापूस!”

“मंजुळाबाई, तो पिठ्या ढेकूण. मुंग्या आहेत का?”

“रांगा! पूजेचं पंचामृत रोज मुळाशी ओतते ना.”

“मधासकट?”

“साखर वरून! बुवा म्हणाले, झाडातही देव. मी देवाला जेवू घातलं, जेवल्या मुंग्या!”

“मुंग्याच ती कीड पसरवतात. वाकडे शेंडे छाटा, साबणाच्या पाण्यानं धुवा.”

“वाचेल?”

“वाचेल. पंचामृत तेवढं तुम्ही प्या.”

“मग पहिलं फूल तुमच्या गणपतीला. वाहताना सासूबाईंची आठवण काढा.”

“आणि तुमची?”

“माझी मुंग्या काढतील!”