झेंडा या आठवड्यात नाही

सासू : नाही म्हणजे काय नाही? काल संध्याकाळपर्यंत होता. काल मी स्वतः त्याच्यावर पहारा दिलाय!

सून : अहो आई, काल होता. आज गुरुवार. गुरुवारी दुपारी त्या गेममधले मोड, म्हणजे खेळायचे प्रकार, बदलतात. झेंडा गेला आत, दुसरा आला बाहेर.

सासू : मला न विचारता?

सून : कंपनीला फोन करून झापू का त्यांना, तुमच्या वतीने?

सासू : दात काढू नकोस. पाच वाजता तुझी आई फोनवर येणार खेळायला. त्या फोननंतर आज पहिल्यांदा मी तिच्याशी बोलणार, ते कसं, तर आपल्या झेंड्याशेजारी बंदूक घेऊन उभी राहून. ती, तू आणि मी एका बाजूला. त्यात कसं, काही बोलायला सुचलं नाही तरी चालतं. ‘डावीकडून आला बघा’ एवढं म्हटलं तरी संभाषण होतं. आणि तू आत्ता सांगतेस झेंडा नाही!

सून : चुकलंच माझं. दिवस ठरवताना गुरुवार आहे हे डोक्यातच आलं नाही. शनिवारच्या तयारीत डोकं कुठे राहिलंय जागेवर?

सासू : पण मला एक सांग, सगळे मोड कायम उघडे ठेवायला यांचं काय जातं? भाडं पडतं का?

सून : माणसं पुरत नाहीत. असं बघा, दहा मोड उघडे ठेवले, तर खेळणारे दहा ठिकाणी पांगतात. मग इथे तीन जण बसलेत, तिथे चार. मॅच सुरूच होत नाही, नुसतं ‘खेळाडू शोधत आहे, खेळाडू शोधत आहे’. म्हणून एका वेळी तीनच उघडे ठेवायचे. पटकन माणसं जमतात, मॅच लगेच लागते.

सासू : हां. आमच्याकडेही पेशंट कमी झाले की दोन वॉर्ड बंद करून सगळ्यांना एकात आणायचो. नाहीतर एक नर्स इकडे, एक तिकडे, आणि लक्ष कुणाकडेच नाही.

सून : अगदी तेच. शिवाय तेच तेच खेळून लोकांना कंटाळा येतो. मग आठवड्याला एक आत घ्यायचा, एक बाहेर काढायचा. आत गेलेला परत आला की उड्या पडतात लोकांच्या.

सासू : पडू देत. मग आपणही झेंडा आला की खेळू. कळव तुझ्या आईला. घाई कसली आहे?

सून : कधी आठवड्याने येतो, कधी महिन्याने. आणि मी परवा जाणार.

सासू : तीन महिन्यांसाठी जाणार. जन्मासाठी नाही.

सून : अहो आई, आपण परत तिथेच येतोय. तुमचा मुलगा बोटीवर, तो कंजुषासारखा महिन्यातून दोन फोन करणार. लिफ्ट बंद पडली की तुम्हाला काठी घेऊन तीन मजले उतरता येत नाहीत. मी तिकडे ट्रेनिंगला बसून काय करू? इथे तुम्हाला कुणाचा तरी आधार आहे एवढं कळलं, तरच माझा पाय निघेल. नाहीतर मी उद्या साहेबांना सांगते की माझ्या जागी दुसऱ्या कुणाला तरी पाठवा.

सासू : खबरदार! एवढी चांगली संधी, आणि माझ्या गुडघ्यासाठी सोडणार? मला कुणाची गरज नाही.

सून : तुम्हाला नसेल. मला आहे. माझी आई याच गावात, एकटी. तुम्ही इथे, एकट्या. आणि मध्ये मी, पोस्टमनसारखी. ‘तिला सांग’, ‘त्यांना सांग’.

सासू : बरं बरं, रडू नकोस आता. कुठले तीन उघडे आहेत ते तरी बोल.

सून : एक बॉम्बवाला. त्यात एकदा मेलं की मॅच संपेपर्यंत बाहेर बसून राहायचं.

सासू : तुझी आई नवखी. पहिल्या मिनिटात बाहेर बसेल. मग काय, माझ्याकडे टुकूटुकू बघणार? दुसरा?

सून : लांबून नेम धरायचा तो. त्याला लेव्हल लागते, तिची अजून तेवढी झालेली नाही. उरला तिसरा. ‘एकटा जीव’.

सासू : नाव तर चांगलं आहे.

सून : त्यात टीमच नसते. प्रत्येक जण प्रत्येकाचा शत्रू. दिसेल त्याला मारायचं. मेलं की लगेच दुसऱ्या कोपऱ्यात जिवंत व्हायचं आणि परत मारायला निघायचं.

सासू : म्हणजे मी तुझ्या आईला...

सून : हो.

सासू : आणि ती मला.

सून : दिसलात तर.

सासू : वा! काय पण जुळवून आणलंस गं! सात-आठ महिने दोघी घुश्शात, आणि हातात बंदुका देऊन समोरासमोर उभं करतेस?

(फोन वाजतो. विहीणबाई खेळाच्या कॉलवर येतात. आता तिघींना एकमेकींचं बोलणं ऐकू येतं.)

विहीण : हॅलो, हॅलो! येतंय का ऐकू? ठमे, झेंडा कुठे गेला गं? मी गाडी बाजूला लावून बसलेय, साडेपाचला पुढचा विद्यार्थी येतोय. आज त्याला चढावर गाडी थांबवायला शिकवायचंय, म्हणजे माझं काही खरं नाही.

सून : अगं आई, हळू. झेंडा या आठवड्यात नाही. आणि अहो आई पण ऐकतायत.

विहीण : अगबाई. नमस्कार, विहीणबाई.

सासू : नमस्कार.

विहीण : बऱ्या आहात?

सासू : बरी आहे.

विहीण : गुडघा?

सासू : आहे जागेवर.

सून : छान. झालं बोलून! आता मॅच लावते. अगं आई, आज टीम नाही हं. सगळे एकमेकांविरुद्ध. दिसेल त्याला मारायचं.

विहीण : ह्यांना पण?

सून : ह्यांना पण. लाल टोपीवाली म्हणजे त्याच. तुझं पिवळं जॅकेट.

विहीण : शी, मला नाही बाई जमायचं. मोठ्या माणसांवर बंदूक कशी रोखायची? विहीणबाई, मी तुम्हाला नाही हं मारणार.

सासू : तुमची मर्जी. मला कुणी सवलत दिलेली आवडत नाही.

सून : सुरू झाली. पळा!

विहीण : थांब थांब, आधी आरसा बघू दे.

सून : यात आरसा नसतो!

विहीण : मग मागचं कसं दिसायचं? कसले रस्ते बांधलेत हे? ना बोर्ड, ना सिग्नल. अरे! अरे, कोण आहे? मेले मी! ठमे, मला कुणीतरी मारलं!

सासू : मी.

विहीण : तुम्ही? अहो, मी जिन्यातून खाली येत होते नुसती!

सासू : जिन्यातून येणाऱ्यानेही बघून यावं.

सून : अहो आई!

सासू : काय अहो आई? नियम तूच सांगितलास.

विहीण : बरं बरं. आले मी परत. आता बघते. दुसऱ्या गल्लीने येते. हळूच... पहिला गिअर... हे कोण पुढे? मारला! ठमे, मी मारला एकाला!

सून : अगं आई, ती मी होते.

विहीण : हात्तिच्या! लागलं नाही ना गं?

सासू : ती मेलीय, विहीणबाई. लागलं का काय विचारता? आणि तुम्ही परत उघड्यावर आलात. धडाम्.

विहीण : अहो! परत?

सासू : उघड्यावर थांबलात की असंच होणार.

विहीण : थांबायचं नाही, कळलं. आता थांबतच नाही. गोल गोल फिरते. बसा शोधत!

सासू : शोधायला कशाला पाहिजे? ते पिवळं जॅकेट मैलावरून दिसतं. हा घ्या तिसरा. आणि हा त्या फोनचा.

विहीण : कुठल्या फोनचा?

सून : अहो आई, नको ना. आत्ता नको.

सासू : का नको? सात-आठ महिने गिळून बसलेय मी. विहीणबाई, माझं ऑपरेशन झालं तेव्हा तुम्ही फोनवर म्हणालात, ‘माझ्या मुलीला तुम्ही नर्स करून ठेवलंय.’

विहीण : म्हणाले. रागात म्हणाले.

सासू : रागात म्हणा, नाहीतर हसत म्हणा. मी तीस वर्षं नर्स होते. माणसं मेली माझ्या हातात, पोरं जन्मली. शिव्या खाल्ल्या, लाथा खाल्ल्या पेशंटच्या. पण ‘नर्स’ हीच शिवी म्हणून कुणी वापरलेली मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकली. फार लागलं मला ते.

सून : अगं आई? थांबलीस का गं?

सासू : हे काय, तुम्ही अशा मधोमध उभ्या का? पळा की. मी समोर आहे तुमच्या.

विहीण : पळत नाही. मारा.

सासू : अहो, असं उभं राहिलेल्या माणसाला काय मारायचं?

विहीण : मारून घ्या. मी असं बोलायला नको होतं. खरं सांगू का? नर्स हा शब्द कसा गेला तोंडातून ते मलाच कळलं नाही. तुम्ही काय काम करायचात हे त्या क्षणी डोक्यातच नव्हतं. डोक्यात एवढंच होतं की हिने तुमच्यासाठी महिन्याची रजा काढली. मला टायफॉइड झाला होता, तेव्हा दोन दिवस आली आणि गेली.

सून : आई, तेव्हा माझी नोकरी नवीन होती गं.

विहीण : माहितीये मला. तेव्हाही माहीत होतं. पण जळलं ना माझं मन, त्याला काय करू? आपली मुलगी दुसऱ्या बाईचा हात धरून तिला चालवतेय हे बघितलं आणि वाटलं, झालं, गेली ही. ते सरळ कसं सांगणार? मग काहीतरी वाकडं बोलले.

सासू : आणि मी म्हणाले, ‘मग घेऊन जा तुमची मुलगी.’

विहीण : हो, म्हणालात.

सून : मी दारातच उभी होते तेव्हा. तुमचा चहा घेऊन.

सासू : ऐकलंस तू? कधी बोलली नाहीस ते?

सून : कुणाला बोलू? दोघी माझ्याच.

सासू : चुकलं गं माझं. देवाशप्पथ, तुला घालवायचा विचार माझ्या मनाला शिवला नव्हता. तू गेली असतीस तर मी काय केलं असतं? अरे! कोण आहे तो? कोण आहे रे तो मेला?

विहीण : मलाही मारलं! विहीणबाई, आपल्या दोघींनाही मारलं!

सून : कुणीतरी अनोळखी आहे. दोघी मधोमध पुतळ्यासारख्या उभ्या, तो कशाला सोडेल?

सासू : आम्ही बोलतोय हे दिसत नाही त्याला? काही रीतभात? कुठाय तो?

विहीण : पाण्याच्या टाकीवर! काळा कोट! मी बघितला त्याला वळताना. विहीणबाई, तुम्ही इकडून या, मी मागच्या रस्त्याने जाते. मी दिसले की तो माझ्याकडे वळेल, तेवढ्यात तुम्ही उडवा.

सासू : तुम्हाला गोळी लागेल.

विहीण : लागू दे हो. परत जिवंत होते ना.

सून : अहो आई, अगं आई, असं नसतं करायचं! या मोडमध्ये जोडी करणं म्हणजे चीटिंग असतं. कुणीतरी तक्रार करेल. अकाउंट बंद करतील!

सासू : करू देत. विहीणबाई, पोहोचलात?

विहीण : आले. आता डावीकडे वळते... वळले... दिसला! मला मारतोय, मारतोय, मारा, विहीणबाई, मारा!

सासू : मारला!

विहीण : शाब्बास! काय नेम हो तुमचा!

सासू : सुया टोचून टोचून आलाय तो. आणि तुम्ही काय कमी? कुठून कुठे वळसा घातलात. मला तर त्या गल्ल्या अजून कळत नाहीत. मी आपली एका जागी उभी राहते.

विहीण : मग तुम्ही उभ्या राहा, मी फिरते. तो परत येतोय बघा.

सून : अहो, मला कुणी घेणार आहे का जोडीत?

सासू : तू मध्ये मध्ये करू नकोस. बॅग भरून झाली का तुझी?

सून : म्हणजे... जाऊ मी?

सासू : तू जाणारच आहेस. साहेबांना काही सांगायला गेलीस तर गाठ माझ्याशी आहे.

विहीण : आणि माझ्याशी. अगबाई, साडेपाच झाले. पोरगा काच वाजवतोय. चढावर थांबायचंय आज त्याला. विहीणबाई, निघते मी.

सासू : जपून. त्याला म्हणावं, घाबरू नकोस.

विहीण : म्हणते. अहो, एक विचारू? परवा हिला स्टेशनवर सोडलं की घरी जाऊन तरी मी काय करणार... तशीच तुमच्याकडे येऊ का? जरा वेळ?

सासू : या ना. येताना चार कपडे घेऊनच या.